गैरसमज नव्हता, साहेब

वकिली सुरू केली तेव्हा मी गिरीजला एका वाडीतल्या खोलीत भाड्याने राहत होतो. चिपळूणकडून आलेल्या नवशिक्या वकिलाला वसईत दुसरीकडे परवडण्यासारखं काही नव्हतं. खोली दाखवताना घरमालकांनी आधी तिचे दोष सांगितले. उत्तरेचा कोपरा पावसात गळतो. न्हाणीचं दार नीट लागत नाही. मागच्या श्रावणात एक धामण निघाली होती, ती पुन्हा येणार नाही असं आपण सांगू शकत नाही. आधीचा भाडेकरू का गेला, असं मी सहज विचारलं.

"माझ्यामुळे गेला," ते म्हणाले. "त्याला माझं बोलणं सोसेना. तुम्ही काय करता?"

वकील म्हटल्यावर त्यांनी मला वरपासून खालपर्यंत पाहिलं. "मग तुमचं-माझं जमणं कठीण. पण राहा. माझ्यावर एक फौजदारी केस आहे. तेही आताच सांगतो. मागाहून कळलं तर म्हणाल, लपवलं."

मी तिथे सहा वर्षं राहिलो. जमलं असं म्हणवत नाही, सवय झाली. मी त्यांना काका म्हणायचो आणि ते मला नुसतं 'वकील' म्हणायचे. आजही तसंच म्हणतात. त्यांची ती केस मी राहायला गेल्याच्या दुसऱ्या महिन्यात माझ्या गळ्यात पडली आणि खोली सोडून विरारला फ्लॅट घेतल्यावरही गळ्यातच राहिली. अकरा वर्षांत माझे केस पिकले, त्यातले निम्मे तरी त्यांच्या नावावर टाकायला हरकत नाही.

काका खोटं बोलत नसत. हे वाचायला बरं वाटतं, पण अशा माणसाशेजारी राहून बघा. वाडीतली राजेळी केळी घ्यायला लोक दारात येत. काका घड हातात देताना सांगत, "वरच्या फणीतली दोन आतून काळी निघतील." गिऱ्हाईक घड परत ठेवून जाई. मग काकू स्वयंपाकघरातून म्हणत, "आता ती काळी केळी आपणच खायची." आणि खरंच आम्ही सगळे ती खायचो, मीसुद्धा. कुणाच्या लग्नात यजमानाने हात जोडून "जेवण बरं झालं ना?" असं विचारलं, तर "वरण बरं होतं" असं म्हणून हे पुढे जात. एकदा गावात कोणी वारलं. सगळे म्हणत होते, देवमाणूस गेला. काका म्हणाले, "मधली दहा-बारा वर्षं सोडली तर चांगलाच होता." मयताच्या मुलाने नंतर दोन वर्षं ह्यांच्याकडे पाहिलंसुद्धा नाही.

काकूंनी मला एकदा तोंडली निवडता निवडता सांगितलं, "मला बघायला आले ना, तेव्हा माझ्या वडलांना म्हणाले, मला राग फार येतो, आधीच सांगतो. वडलांना वाटलं, जावई विनोदी आहे."

तर ह्या रागामुळेच ती केस झाली होती.

वसईच्या वाड्यांमध्ये गोड्या पाण्याची उघडी तळी असतात. त्यांना बावखल म्हणतात. काकांच्या वाडीच्या कडेला असं एक बावखल होतं, ते त्यांच्या आणि त्यांच्या धाकट्या चुलतभावाच्या सामाईक मालकीचं. त्याच पाण्यावर दोघांच्या केळी, पानवेली आणि भाजी. काका रोज सकाळी खुणा केलेला एक बांबू पाण्यात उभा करत आणि घराकडे तोंड करून ओरडत, "आज दोन बोटं उतरलं!" कोणी विचारलेलं नसे. चुलतभावाला मात्र शेतीचा कंटाळा आला होता. त्याला आपल्या बाजूला चार खोल्या काढायच्या होत्या. एके दिवशी त्याने भराव टाकायला डंपर आणला.

पुढचं काकांनी मला पहिल्यांदा सांगितलं तेव्हा मी कागदावर उतरवून घेतलं. नंतर त्यांनी ते शंभर वेळा शंभर जणांना सांगितलं, पण त्यात एक शब्द इकडचा तिकडे झाला नाही.

"मी म्हटलं, थांब. तो म्हणाला, माझ्या हिश्शात टाकतो. मी म्हटलं, तुझ्या हिश्शात टाकलेली माती माझ्या हिश्शात येणार नाय काय? तो हसला. मग मी मारलं. घड काढत होतो, हातात कोयता होता. मुठीकडून मारलं, खांद्यावर. दुसरा मारणार होतो, तेवढ्यात पोरगी धावत आली आणि तिने मागून माझ्या कमरेला मिठी मारली. म्हणून एकच बसला."

पोरगी म्हणजे त्यांची एकुलती एक मुलगी. तेव्हा ती नर्सिंगचं शिकत होती, सुट्टीला घरी आली होती आणि न्हाऊन केस पुसत होती. तिने बापाला आवरलं. पण चुलतभावाने पोलिसांत तक्रार दिली, त्यात लिहिलं गेलं की आरोपी क्रमांक दोन हिने फिर्यादीला धरून ठेवलं आणि आरोपी क्रमांक एक याने धारदार हत्याराने मारलं. भाऊबंदकीतल्या तक्रारींत घरातलं आणखी एखादं नाव घालायची आपल्याकडे रीतच आहे. एका नावाची केस लंगडी पडते, असं कोणीतरी शहाणा सांगतो आणि रागावलेला माणूस ऐकतो. चुलतभावाने ऐकलं. राग दोन महिन्यांत उतरला, भरावही पुढे टाकला नाही, पण नाव कागदावर बसलं ते बसलं.

कोर्टात दोषारोप वाचून दाखवायची वेळ आली तेव्हा काकांनी मला आदल्या दिवशीच बजावलं होतं, "मी कबूल म्हणणार." मी हात जोडले. म्हटलं, कलमात धारदार हत्यार आहे आणि दोघांनी संगनमत करून मारलं असं आहे. तुम्ही कबूल म्हणालात तर मुलगीही त्यात ओढली जाईल. त्यांनी खूप विचार केला. "मग मी गप्प बसतो. पण नाही म्हणणार नाही." दुसऱ्या दिवशी साहेबांनी विचारलं, गुन्हा कबूल आहे का? काका समोर बघत उभे राहिले. मीच म्हणालो, "नाकबूल, साहेब." त्यानंतर आठ दिवस ते माझ्याशी बोलले नाहीत. केळी मात्र खोलीबाहेर ठेवलेली असत.

मग तारखा सुरू झाल्या. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. काका ती इस्त्रीचा सदरा घालून, तासभर आधी चढत. पुकारा झाला की "हाजिर!" असं इतक्या जोरात ओरडत की टंकलेखन करणाऱ्या बाई दचकत. पिशवीत सगळ्यांसाठी केळी असत. शिपायाला, समोरच्या हवालदाराला, सरकारी वकिलांनाही. सरकारी वकिलांनी एकदा विचारलं, ही लाच तर नाही ना? "वरचं एक काळं आहे," काका म्हणाले.

पण खरी गंमत रिक्षाची होती. गिरीजहून कोर्टात यायला आरोपी आणि फिर्यादी एकाच रिक्षात बसत. आदल्या संध्याकाळी काका कुंपणापाशी जाऊन हवेत बोलत, "उद्या तारीख हाय म्हणावं." पलीकडून भावजय म्हणे, "ऐकलं म्हणावं." फिर्यादी आला नाही तर तारीख फुकट जाते, म्हणून ही काळजी. दोघे मागच्या सीटवर शेजारी बसत, पण एकमेकांशी बोलत नसत. जे काय बोलायचं ते रिक्षावाल्यामार्फत. "विचार त्याला, सुपारी आणली काय?" "सांग, खिशात हाय, घे म्हणावं." रिक्षावाला मला म्हणाला होता, "वकीलसाहेब, ह्या दोघांची केस तुम्ही चालवता का मी?"

आणि केस काही चालत नव्हती. एकदा पंच आले नाहीत. एकदा पंच आले तर साहेब रजेवर. साहेब बदलले, नवे आले, त्यांनी फाइल पहिल्यापासून पाहायला घेतली आणि त्यांचीही बदली झाली. काका साल-महिना सांगत नसत. "पानवेल लावली तेव्हाचे साहेब", "मोटर जळली तेव्हाचे साहेब" असं म्हणत. मला पुढे पुढे त्या केसची फाइल हातात घेतली की जांभई येई. कोणालाच ती केस नको होती. फिर्यादीला नको, आरोपीला नको, सरकारला तर ती आहे हेही आठवत नसावं. तरी ती होती.

मधल्या काळात मुलगी नर्स झाली आणि तुळिंजच्या एका खासगी दवाखान्यात पाळ्या करू लागली. तिची स्थळं केसपाशी अडत. काका स्वतःच सांगून टाकत ना! तिने कधी तोंडातून ब्र काढला नाही. सरकारी नोकरीसाठी ती परीक्षा देत राहिली. वयाच्या अटीत बसायचं शेवटचं वर्ष आलं आणि त्या वर्षी तिची निवड झाली. दूरच्या एका जिल्ह्यातलं सरकारी रुग्णालय. तिने पेढे वाटले. चुलतकाकाच्या घरीही स्वतः नेऊन दिले. मग चारित्र्य पडताळणीचा कागद आला. त्यावर एकच ओळ होती, फौजदारी खटला प्रलंबित. खटला संपल्याचा आदेश ठरलेल्या मुदतीत आणा, नाहीतर प्रतीक्षायादीतल्या पुढच्या उमेदवाराला नेमू, असं तिला कळवण्यात आलं.

ती माझ्याकडे कार्यालयात आली तेव्हा दवाखान्याच्या गणवेशातच होती. बसली आणि म्हणाली, "दादा, मला कंटाळा आला हो."

एवढंच म्हणाली. मी अकरा वर्षं त्या केसला जांभया देत होतो, त्याची मला लाज वाटली.

खालच्या कोर्टात तडजोड होण्यासारखी नव्हती. धारदार हत्याराचं कलम लागलं की दोघांनी गळ्यात गळे घातले तरी खालचे साहेब खटला मिटवू शकत नाहीत. त्यासाठी मुंबईला हायकोर्टात जायचं. फिर्यादीने प्रतिज्ञापत्र द्यायचं की माझी तक्रार उरलेली नाही, आणि हायकोर्टाने म्हणायचं, मग खटला रद्द. चुलतभावाला विचारायला गेलो तर तो दारातच रडायला लागला. "काय लिहायचं ते लिहा. कुठे सही करू? त्या पोरीला मी खांद्यावर घेऊन हिंडलोय."

मुंबईतल्या एका वकीलबाईंनी काका आणि मुलीचा अर्ज नि चुलतभावाचं प्रतिज्ञापत्र, दोन्हींचा मसुदा केला. त्यात नेहमीचं वाक्य होतं की तक्रार गैरसमजातून दिली गेली, प्रत्यक्षात कोणतीही मारहाण झाली नाही. मी चुलतभावाला ते मराठीत समजावून सांगितलं. तो म्हणाला, "काहीच झालं नाय म्हटल्यावर पोरीनेही काही केलं नाय, ते त्यात आलंच की." मला ते पटलं. 'पोरीचं नाव मी मुद्दाम घातलं' असं त्याने लिहिलं तर तोच खोट्या तक्रारीत अडकला असता.

काकांना मात्र मी ते वाक्य वाचून दाखवलं नाही. नुसतं म्हटलं, तडजोड झाली, खटला बंद करा, असं लिहिलंय. त्यांनी चष्मा लावला, इंग्रजी कागदाकडे पाहिलं आणि विचारलं, "खरं आहे ना सगळं?" मी म्हटलं, "सही करा, काका. मुदत जवळ आलीय." त्यांनी सही केली. मी त्यांना ओळखत होतो, म्हणूनच वाचून दाखवलं नाही. हे मी आजवर कोणाला सांगितलेलं नाही.

हायकोर्टाच्या फाटकावर पोलिसाने त्यांची पिशवी तपासली. केळी आत न्यायला मनाई होती. काकांनी ती तिथल्या तिथे पोलिसांना वाटून टाकली आणि रिकामी पिशवी घडी करून खिशात ठेवली. आम्ही आत जाऊन मागच्या बाकावर बसलो. मी, काका, चुलतभाऊ आणि मुलगी. तिने फिकट निळी साडी नेसली होती. दुपारी आमचा नंबर लागला. न्यायमूर्तींनी चुलतभावाला पुढे बोलावलं आणि मराठीत विचारलं, "प्रतिज्ञापत्र तुमचंच? स्वखुशीने दिलं?"

"हो साहेब."

"मारहाण झालीच नाही, गैरसमजातून तक्रार दिली, असं लिहिलंय. बरोबर आहे?"

चुलतभावाने मान खाली घातली. "हो साहेब."

"झाली होती, साहेब."

आवाज आमच्या बाकावरून आला होता. तारखेला "हाजिर!" म्हणायचे तोच आवाज. मी त्यांचा सदरा धरला, पण ते उभे राहिले होते.

"तुम्ही कोण?"

"आरोपी नंबर एक."

कोर्टात हशा पिकला. वकीलबाई वळून मला डोळ्यांनी विचारत होत्या, हे काय? न्यायमूर्ती म्हणाले, "अहो, खाली बसा. तुमच्याच फायद्याचं चाललंय."

"फायद्याचं आहे, पण खरं नाही. गैरसमज नव्हता, साहेब. मी समजून मारलं. मी एकदा ह्या वकिलाचं ऐकून गप्प बसलो, त्याला अकरा वर्षं झाली. माझी केस चालू ठेवा हवं तर. पण माझ्या पोरीने ह्याला धरलं नव्हतं, मला धरलं होतं. ती नसती तर मी आणखी मारलं असतं. ते लिहा. काहीच झालं नाही असं नका लिहू. तिने केलं ते पण पुसून जाईल."

खरं सांगतो, त्या क्षणी मला त्यांचा अभिमान वाटला. इतकी वर्षं कोर्टात काढली, पण असं कोणी बोललेलं मी ऐकलं नव्हतं. मग मी मुलीकडे पाहिलं. ती बापाकडे बघत नव्हती. समोरच्या भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बघत होती.

न्यायमूर्तींनी प्रतिज्ञापत्र पुन्हा उलटून पाहिलं. मग म्हणाले, शपथेवर एक लिहिलंय आणि अर्जदार दुसरंच सांगतोय, अशा कागदावर मी आदेश देऊ शकत नाही. नीट प्रतिज्ञापत्र आणा. वकीलबाईंनी मुलीच्या नोकरीचं सांगितलं, हात जोडले. न्यायमूर्तींनी सुट्टीच्या आधीची तारीख दिली, ह्याहून जास्त ते काय करणार? त्या तारखेला आमचा नंबर बोर्डावरच्या यादीत खूप खाली होता. पाच वाजले, कोर्ट उठलं आणि उन्हाळ्याची सुट्टी लागली. सुट्टीतल्या कोर्टापुढे जायचा प्रयत्न केला, तो जमला नाही. मुलीने रुग्णालयाला मुदतवाढीसाठी लिहिलं. एकदा दिली होती, दुसऱ्यांदा मिळाली नाही. जून उजाडायच्या आत तिच्या जागी प्रतीक्षायादीतली दुसरी मुलगी रुजू झाली.

कॉरिडॉरमध्ये त्या पहिल्याच दिवशी चुलतभाऊ अकरा वर्षांत पहिल्यांदा काकांशी थेट बोलला होता. "तू गप ऱ्हायला असतास तर काय बिघडलं असतं?" काका म्हणाले, "तू तिचं नाव नसतं घातलंस तर?" परत येताना लोकलमध्ये दोघे शेजारी बसले, पण मध्ये निरोप सांगायला रिक्षावाला नव्हता.

सुट्टीनंतर चुलतभावाने नवं प्रतिज्ञापत्र केलं. खांद्यावर एक फटका बसला होता, आता काही तक्रार नाही, पुतणीचं नाव रागात घातलं, ती वडलांना आवरत होती. त्याला भीती होती, तरी त्याने लिहिलं. न्यायमूर्तींनी त्याला चार शब्द सुनावले आणि सोडून दिलं. दोघांवरचा खटला रद्द झाला. आमचं काम तीन मिनिटांत आटोपलं.

आदेशाची नक्कल घेऊन मी एका रविवारी सकाळी गिरीजला गेलो. काका ओट्यावर बसले होते. मुलगी रात्रपाळी करून आलेली, चहा पीत होती. काका तिला म्हणाले, "मराठीत वाच." ती वाचू लागली. चौथ्या परिच्छेदात होतं की अर्जदार क्रमांक एक यांनी खुल्या न्यायालयात स्वतःहून सांगितलं की अर्जदार क्रमांक दोन हिने कोणालाही मारहाण केली नाही, उलट तिने मारहाण थांबवली, आणि न्यायालयाला त्यात तथ्य वाटतं.

"परत वाच."

तिने परत वाचलं. काकू पदराने डोळे पुसत होत्या. काकांनी मांडीवर थाप मारली. "बघ. लिहिलं त्यांनी."

मुलीने कागद मांडीवर ठेवला. आवाज न चढवता ती म्हणाली, "बाबा, मी मारलं नव्हतं हे मला माहीत होतं. तुम्हाला माहीत होतं, पलीकडच्या काकांना माहीत होतं. मला नोकरी हवी होती."

काकांचा हात मांडीवरच राहिला. मी त्या वेळी बोलायला हवं होतं. वाक्य मी लपवलं होतं, आधीच वाचून दाखवलं असतं तर भांडण घरातच झालं असतं आणि दुसरा कागद वेळेत झाला असता.

काकांनी तिला विचारलं, "माझं चुकलं असं म्हणू काय?"

"वाटत असेल तर म्हणा."

ते खाली बघत विचार करत राहिले. खरोखर विचार करत होते, दोषारोपाच्या आदल्या दिवशी केला होता तसा. काकू म्हणाल्या, "अहो, म्हणा ना एकदा." त्यांनी मान हलवली.

"नाय वाटत गं," ते म्हणाले, आणि लहान मुलासारखे रडायला लागले. ती उठली, कागद माझ्या हातात दिला आणि त्यांच्याजवळ जाऊन बसली.